देवाची जमीन, कुळाचा नांगर

डाकोरचे रणछोडरायाचे मंदिर 1772 मध्ये बांधले ते गोपाळ जगन्नाथ तांबेकर यांनी. पुढे देवापुढे येणारी दक्षिणा आणि दागिने कोणाचे, यावरून तांबेकरांचा वंशज आणि तिथले सेवक यांच्यात जुंपली. 1887 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने निकाल दिला : देव ही कायद्याच्या दृष्टीने व्यक्ती आहे, देवापुढची मिळकत सेवकांची खासगी होत नाही, तिचा हिशेब त्यांना द्यावाच लागेल. धर्मादाय मिळकतींच्या नंतरच्या वादांत हा निकाल वारंवार पुढे येत राहिला.

मात्र देव मालक ठरला तरी शेत कसायला माणूस लागतो. जमीन पट्ट्याने द्यावी लागते, आणि पट्टा देणारा महंत, वहिवाटदार किंवा पुजारी मर्त्य असतो. महंताने मठाची जमीन कायमच्या पट्ट्याने दिली तर पुढच्या महंताचे काय? 1921 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने विद्यावारुथी तीर्थ खटल्यात सांगितले की खरी गरज नसताना दिलेला असा पट्टा देणाऱ्याच्या हयातीपुरताच. मठाच्या दृष्टीने हे ठीकच होते. पट्टेदाराच्या पुढच्या पिढीचे काय, हा प्रश्न तेव्हा कोणी फारसा विचारला नाही.

तो विचारला गेला स्वातंत्र्यानंतर, आणि जोरात. मुंबई कूळवहिवाट व शेतजमीन कायदा 1948 चा. 1956 च्या दुरुस्तीने 1 एप्रिल 1957 हा ‘कृषक दिन’ ठरला. त्या दिवशी जमीन कसणारे कूळ कायद्यानेच खरेदीदार मानले गेले. जमीनमालकांनी या दुरुस्तीला आव्हान दिले. 1958 च्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयाने श्रीराम रामनारायण मेधी खटल्यात ती वैध ठरवली. कसेल त्याची जमीन ही घोषणा आता सातबाऱ्यावर उतरू लागली.

देवस्थानांच्या शिवेवर मात्र ती अडली. याच कायद्यात कलम 88-ब होते. शिक्षणसंस्था, रुग्णालय, पांजरपोळ, गोशाळा किंवा सार्वजनिक पूजास्थान यांच्या न्यासाची जमीन खरेदीच्या तरतुदींतून वगळली गेली. अटी दोन : न्यास सार्वजनिक विश्वस्त कायद्याखाली नोंदलेला हवा आणि जमिनीचे सगळे उत्पन्न न्यासाच्याच कामी लागायला हवे. जिल्हाधिकाऱ्यांनी चौकशी करून दिलेले प्रमाणपत्र निर्णायक पुरावा धरले जाते.

गंमत अशी की ही सूट अर्धीच आहे. खंडावरची मर्यादा न्यासालाही लागू आणि नुसती मुदत संपली म्हणून कुळाला हाकलता येत नाही. थोडक्यात, शेजारच्या बांधावरचा शेतकरी जमिनीचा मालक झाला आणि देवस्थानचे कूळ कूळच राहिले. त्याला ना मालकी, ना सहजासहजी निष्कासन. न्यासाला जमीन राहिली, पण हाती येणारा खंड तुटपुंजा. नंतरच्या बहुतेक भांडणांचे मूळ या अर्धवटपणात आहे. कायदा करणाऱ्यांनी दोघांनाही थोडे थोडे देऊन दोघांनाही नाराज ठेवले, असे म्हणायला हरकत नाही.

तहसीलदार, प्रांत आणि महसूल न्यायाधिकरण या पायऱ्या चढत खटले उच्च न्यायालयात पोहोचू लागले. तिथे प्रश्न तेच. सगळे उत्पन्न खरोखर देवाच्या कामी लागते, की त्यातला वाटा वहिवाटदार घराण्याच्या चुलीपर्यंत जातो? प्रमाणपत्र बऱ्याच वर्षांनी मिळाले असेल तर कृषक दिनाला कुळाने मिळवलेला हक्क पुसला जातो का? आणि सर्वांत अवघड म्हणजे सनदेचा अर्थ : राजाने देवस्थानला जमीन दिली होती, की फक्त तिचा सारा? सारा दिला असेल तर जमीन न्यासाची मिळकत ठरतेच असे नाही, आणि मग सुटीचा दावा मुळापासूनच डळमळतो. मोडी कागद, इनाम कमिशनच्या नोंदी आणि जुने फेरफार यांना वकिलांच्या टेबलावर मोल आले ते यामुळे.

विक्रीचा मामला वेगळा. 1950 च्या मुंबई सार्वजनिक विश्वस्त कायद्याच्या कलम 36 नुसार धर्मादाय आयुक्तांच्या परवानगीशिवाय न्यासाची स्थावर मिळकत विकता येत नाही आणि शेतजमीन 10 वर्षांहून, तर इमारत 3 वर्षांहून अधिक काळासाठी भाड्याने देता येत नाही. शहरे वाढली, शेतजमिनींना प्लॉटचे भाव आले आणि विश्वस्त, कूळ, बिल्डर यांच्या त्रिकोणात हे कलम अडसर ठरू लागले. विश्वस्तांनी आपसात सौदे करू नयेत हा धाक गरजेचाच होता. देवस्थानची जमीन खासगी वाटाघाटीने विकण्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने 1986 मध्ये चेंचू रामी रेड्डी खटल्यात तीव्र नापसंती दाखवली आणि जाहीर लिलावाचा आग्रह धरला.

सप्टेंबर 2021 मध्ये वाद पुन्हा पुजाऱ्यापाशी आला, या वेळी मराठ्यांच्या जुन्या ग्वाल्हेर संस्थानच्या मुलुखातून. महसुली नोंदींतून पुजाऱ्यांची नावे काढण्याची मध्य प्रदेश सरकारची परिपत्रके उच्च न्यायालयाने रद्द केली होती. सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. संस्थानच्या जुन्या कायद्यांचे दाखले देत न्यायालय म्हणाले की पुजारी हा माफीच्या, म्हणजे सारा माफ असलेल्या, जमिनीचा कूळही नाही आणि पट्टेदारही नाही, तो फक्त व्यवस्था पाहणारा आहे. मालकीच्या रकान्यात नाव फक्त देवाचे राहील. पुजारी आणि देव यांच्यातला हिशेब यातून स्पष्ट झाला. देवस्थानच्या बांधावर पिढ्यान्‌पिढ्या नांगर धरणाऱ्या कुळाचा प्रश्न या खटल्यात नव्हता, आणि महाराष्ट्रात तो आजही 88-ब च्या चौकटीतच लढवला जातो.