लेखांक ७ : हुकूम मिळाला, पण पाळतो कोण?

गेल्या आठवड्यात मनाई हुकूम कसा मिळतो ते पाहिलं. आता तो समोरच्याने मोडला तर काय करायचं?

‘अवमान’ या शब्दाने आपली फसगत होते. न्यायाधीशांविषयी कुणी वेडंवाकडं बोललं की अवमान, एवढंच डोक्यात असतं. तो फौजदारी अवमान. सामान्य माणसाची गाठ पडते ती दिवाणी अवमानाशी. त्यात अपमानाचा संबंध नाही. कोर्टाचा हुकूम जाणूनबुजून न पाळणं किंवा कोर्टाला दिलेली हमी मोडणं, अशी १९७१च्या कायद्यातली व्याख्या आहे. सारा वाद ‘जाणूनबुजून’ या एका शब्दाभोवती फिरतो. हुकमाचे खरोखरच दोन अर्थ निघत असतील किंवा तो पाळणं हातातच नसेल, तर शिक्षा होत नाही. ‘फाइल वर पाठवली आहे’ हे मात्र उत्तर नव्हे. ‘आम्ही अपील केलंय’ हेही नव्हे, कारण नुसत्या अपिलाने हुकूम थांबत नाही, त्याला स्थगिती लागते.

महाराष्ट्राने याचं मोठं उदाहरण पाहिलं आहे. राज्यातल्या विनापरवाना सॉ मिल आणि प्लायवूड कारखाने ताबडतोब बंद करा, असा हुकूम सर्वोच्च न्यायालयाने मार्च १९९७मध्ये गोदावर्मन खटल्यात दिला होता. तरीही वन खात्याने काही कारखान्यांना परवानगी दिली. १० मे २००६ रोजी न्यायालयाने तत्कालीन वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद सुनावली. दोघांनी मागितलेली माफी न्यायालयाने स्वीकारली नाही. नाईक तेव्हा मंत्रिमंडळात होते. मंत्र्याला आणि सचिवाला एकच माप लावलं गेलं, हे मला या निकालात सर्वांत मोलाचं वाटतं.

कायद्यातली शिक्षा तशी लहान आहे : सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड. हा दंडाचा आकडा आज फारच तोकडा आहे, तो वाढायलाच हवा. तरीही अधिकाऱ्याला धाक वाटतो, कारण नोटीस त्याच्या नावावर निघते आणि कोर्टात त्याला स्वतः उभं राहावं लागू शकतं. वर्षानुवर्षं अडलेलं पेन्शन अशा नोटिशीनंतर सुटतं.

मात्र रस्ता चुकू नका. पैशांचा हुकूमनामा असेल तर आधी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करा. दिवाणी कोर्टाचा मनाई हुकूम मोडला असेल तर त्याच कोर्टात अर्ज करा. तिथे मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. उच्च न्यायालयाचा हुकूम असेल तर अवमान याचिका तिथेच.

हुकमाची सही-शिक्क्याची नक्कल पत्रासोबत कार्यालयात द्या आणि पोच घ्या. पोच नसेल तर ‘आम्हाला हुकूम कळलाच नाही’ हे म्हणायला समोरचा मोकळा. आणि अवमान कायद्याचं कलम २० विसरू नका : अवमान घडल्यापासून एका वर्षात कोर्टात जावं लागतं. ‘पुढच्या महिन्यात करतो’ या आश्वासनांवर विसंबून हे वर्ष निघून जातं. हुकमात तीन महिन्यांची मुदत असेल, तर ती संपते ती तारीख आजच नकलेच्या पाठीवर लिहून ठेवा.