आधी व्याज, मग मुद्दल

गेल्या जूनअखेरीस आमच्या गल्लीतले एक गृहस्थ चरोद्याच्या रेल्वे यार्डातून निवृत्त झाले. शाल-श्रीफळ झालं, हार घालून, ढोल वाजवत दारापर्यंत आणलं, आणि सेटलमेंटच्या पैशातला पहिला मोठा चेक गेला तो गृहकर्जाच्या खात्यात. कर्ज २००४ मधलं, मुदत वीस वर्षांची. म्हणजे २०२४ मध्येच निल व्हायला हवं होतं. एकही किश्त चुकलेली नाही, एकही चेक परत गेलेला नाही, तरी साठाव्या वर्षी देणं शिल्लक. वहिनी मला म्हणाल्या, "भाऊजी, तुमचं आयुष्य हिशेब लिहिण्यात गेलं. हे कसं झालं ते सांगा बरं."

हथखोजच्या कारखान्यांत वह्या आणि मग कॉम्प्युटर सांभाळण्यात माझी नोकरी संपली, त्यामुळे गल्लीतले असले कागद माझ्याकडे येतातच. पण वहिनींचा प्रश्न लागला तो वेगळ्या कारणाने. भिलाई-३ मध्ये २००४ च्या आसपासच्या चार-पाच वर्षांत घरं बांधलेल्यांपैकी निम्म्यांची हीच गत आहे, आणि कुणी कुणाला बोलत नाही.

त्याआधीच्या चाळीस वर्षांबद्दल फार सांगण्यासारखं नाही. घर ही विकत घ्यायची वस्तू आहे हेच इथल्या लोकांना ठाऊक नव्हतं. ४ फेब्रुवारी १९५९ ला डॉ. राजेंद्र प्रसादांनी भिलाई पोलाद कारखान्याच्या पहिल्या झोतभट्टीचं उद्घाटन केलं. कारखान्यातले लोक सेक्टरांतल्या क्वार्टरमध्ये, आम्ही इकडचे रेल्वेच्या क्वार्टरमध्ये. निवृत्त झालं की गोंदिया, भंडारा, नागपूरकडची गाडी धरायची आणि वडिलोपार्जित घराला एक खोली वाढवायची. मुंबईत हसमुखभाई पारेखांनी १९७७ मध्ये एचडीएफसी काढली, १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक आली, हे आम्ही पेपरात वाचलं असेल-नसेल. नव्वदीत गृहकर्जाचा दर चौदा-पंधरा टक्के होता. त्या दराने कर्ज काढणाऱ्याकडे लोक आजारी माणसाकडे बघावं तसं बघत.

एक गोष्ट मात्र त्या काळातली सांगायला हवी, कारण ती आता कुणाला खरी वाटत नाही. रेल्वेत, किंवा केंद्र सरकारच्या कुठल्याही खात्यात, हाउस बिल्डिंग अ‍ॅडव्हान्स मिळायचा. अजूनही मिळतो. त्यावर सरळव्याज, आणि फेड उलट्या क्रमाने: आधी मुद्दल, जास्तीत जास्त १८० हप्त्यांत, मुद्दल संपलं की मग साठलेलं व्याज, जास्तीत जास्त ६० हप्त्यांत. व्याजावर व्याज नाही. पाच लाखांचा अ‍ॅडव्हान्स साडेआठ टक्क्यांनी घेतला असं धरा. पंधरा वर्षं दरमहा २,७७८ रुपये, मग पाच वर्षं दरमहा ५,३४२. एकूण फेड ८ लाख २० हजारांच्या आसपास. आता हेच पाच लाख बँकेकडून, एक टक्का स्वस्त म्हणजे साडेसातने, वीस वर्षांसाठी घ्या. हप्ता ४,०२८, एकूण फेड ९ लाख ६७ हजार. दर कमी, मुदत तीच, आणि घर दीड लाखाने महाग. ही दोन गणितं मी एकाच कागदावर शेजारी शेजारी मांडून दाखवली तेव्हा वहिनींनी कागद उलटून मागची बाजूही बघितली, तिकडे काही लपवलंय का म्हणून.

मग लोकांनी अ‍ॅडव्हान्स का नाही घेतला? घेतला ना, ज्यांना पुरला त्यांनी. तो मूळ पगाराच्या ठरावीक पटीत मिळायचा, आणि यार्डातल्या पॉइंट्समनच्या मूळ पगाराची कितीही पट केली तरी त्यात प्लॉट आणि स्लॅब दोन्ही बसत नव्हते. अर्ज, मंजुरी, निधी येईपर्यंत वाट बघणं, हे वेगळंच. आणि तोवर बँकेचा माणूस दारात आला होता.

आता आलो त्या दहा वर्षांवर. २००३-०४ ते २०१३-१४.

१ नोव्हेंबर २००० ला छत्तीसगड झालं, रायपूर राजधानी झाली, आणि रायपूर-दुर्ग हमरस्त्यावरची आमची पट्टी अचानक 'लोकेशन' झाली. कारखान्याने काही क्वार्टर्स दीर्घ मुदतीच्या लीजवर दिली, तिकडे लोक आपापल्या घरांना फरशा बसवायला लागले. इकडे आम्हीही क्वार्टर सोडून प्लॉट बघायला लागलो. आणि नेमके तेव्हाच दर पडले. २००४ मध्ये साडेसात टक्क्यांनी कर्ज मिळत होतं. तरंगता दर घ्या म्हणून सगळे सांगत. पाच वर्षं दर उतरतच आले होते, तेव्हा तरंगता म्हणजे खालीच तरंगणार, अशी हवा होती. फिक्स्ड मागणाऱ्याला काउंटरवरचा पोरगा हसायचा. आणि वर आयकराचं गाजर: घरकर्जाच्या व्याजावर दीड लाखापर्यंत वजावट. यार्डातल्या किती लोकांना दीड लाख व्याज बसत होतं, आणि त्यांना कर तरी किती लागत होता, हे कुणी विचारलं नाही. रुपया व्याज भरून दहा-वीस पैसे कर वाचवणं याला 'टॅक्स प्लॅनिंग' म्हणत.

कर्ज मंजूर झालं की एक तक्ता मिळायचा. कडेला भोकं असलेला सलग कागद, डॉट मॅट्रिक्सची फिकट छपाई, २४० ओळी. लोक त्यातला शेवटचा आकडा, शून्य, बघून घडी घालून ठेवत. मी पहिली ओळ बघायचो. पाच लाखांच्या त्या कर्जात पहिल्या महिन्याच्या ४,०२८ पैकी व्याज ३,१२५ आणि मुद्दल ९०३. मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वर जायला अकरावं वर्ष उजाडतं. चार वर्षांत १ लाख ९३ हजार भरून झाले की मुद्दल फिटलेलं असतं जेमतेम ५० हजार. यात फसवणूक काही नाही. बाकीवर व्याज, ते आधी वळतं, उरलेलं मुद्दलात. फसवणूक नाही, पण हे सही करताना तोंडाने कुणी सांगितलं असं मला भिलाई-३ मध्ये एकही घर माहीत नाही. त्या वेळी काही गृहवित्त कंपन्या तर वर्षभर भरलेलं मुद्दल वर्षाअखेरीसच खात्यात वळतं करत. त्याने हप्त्यात पन्नास-साठ रुपयांचाच फरक पडतो, म्हणून त्यावर कुणी भांडलं नाही.

खरी गंमत २००६ पासून सुरू झाली. दर चढत गेले. जुलै २००८ अखेर रिझर्व्ह बँकेचा रेपो दर नऊ टक्क्यांवर गेला आणि जुन्या तरंगत्या कर्जांचे दर अकराच्या आसपास किंवा वर. हप्ता? हप्ता तोच. चार हजार अठ्ठावीस. पोस्ट-डेटेड चेकचा गठ्ठा बँकेकडे आधीच होता, नंतर ईसीएस. दर महिन्याच्या पाच तारखेला तेवढेच कापले जात. लोकांना वाटलं, आपल्याला काही झळ लागली नाही. बँकेने मुदत वाढवली होती.

किती वाढवली ते बघा. चार वर्षांनी बाकी साधारण ४ लाख ५० हजार. साडेदहा टक्क्यांनी ४,०२८ च्या हप्त्यात ती फिटायला आणखी ३६ वर्षं लागतात. पावणेअकरा टक्क्यांना महिन्याचं व्याजच ४,०२८ होतं. म्हणजे किश्त पूर्ण व्याजात, मुद्दल जागेवर, कर्ज कधीच न संपणारं. त्यावर पाव टक्का गेला की दर महिन्याला मुद्दल वाढायला लागतं. हे मी तेव्हा केलेलं गणित आहे, शेजारच्या एका रेल्वे गार्डच्या खात्यावर. मार्चमध्ये तो रिटर्नसाठी व्याजाचं सर्टिफिकेट घेऊन आला, आणि त्यावर वर्षभरात मुद्दल भरलं 'शून्य'. तो म्हणाला, छापताना राहिलं असेल. मी त्याला शाखेत पाठवलं. तिथून उत्तर आलं की नियमानुसार आहे, हवं तर हप्ता वाढवून घ्या. पत्र? पत्र पाठवण्याची पद्धत नाही म्हणे. कोणती शाखा ते लिहीत नाही. सगळीकडे हेच होतं.

पुढचा भाग मात्र मी आजही माफ केलेला नाही. ऑक्टोबर २००८ ते एप्रिल २००९ मध्ये रेपो ९ वरून ४.७५ वर आला. फेब्रुवारी २००९ मध्ये स्टेट बँकेने नव्या ग्राहकांना पहिल्या वर्षी आठ टक्क्यांची योजना आणली, इतर बँका मागोमाग गेल्या. एकाच गल्लीत नवा ग्राहक आठने आणि जुना अकराने. जुन्याचा दर ज्या 'प्राइम लेंडिंग रेट'ला बांधलेला होता तो खाली यायला तयार नव्हता. चढताना लिफ्ट आणि उतरताना जिना. दुसऱ्या बँकेत जायचं तर बाकीवर दोन टक्के दंड. त्याच बँकेत नव्या दरावर जायचं तर बदलाचं शुल्क. जुलै २०१० मध्ये 'बेस रेट' आला, एप्रिल २०१६ मध्ये एमसीएलआर, आणि दर वेळी जुनी कर्जं अर्ज केल्याशिवाय जुन्याच खुंटीला. अर्ज करायला हवा हे कळायचं कुणाला, तर ज्याच्या पोराने नागपूरला एमबीए केलंय त्याला. यार्डात रात्रपाळी करून सकाळी झोपणाऱ्या माणसाला नाही.

२०१० आणि २०११ मध्ये रिझर्व्ह बँकेने तेरा वेळा दर वाढवले. त्या दोन वर्षांत आमच्या भागातल्या बायकांनी काय काय बंद केलं त्याची यादी कुठल्या अहवालात नाही. काही घरांचे वरचे मजले सळ्या बाहेर काढून तसेच राहिले, ते आजही तसेच आहेत. हमरस्त्यावरून जाताना दिसतात. रिझर्व्ह बँकेच्या दामोदरन समितीने शिफारस केल्यावर जून २०१२ मध्ये तरंगत्या दराच्या गृहकर्जावरचा मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना बंद करावा लागला. त्या दशकात कर्जदाराच्या बाजूने झालेली तेवढी एक गोष्ट. त्यानंतर बोनसचे पाच-दहा हजार खात्यात टाकणारे काही शहाणे निघाले, आणि ते वेळेत सुटले.

२०१४ ते २०२२ मी झरझर उलटतो. ऑक्टोबर २०१९ पासून नवी तरंगती कर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधली गेली, ते चांगलं झालं. २०२० मध्ये टाळेबंदीत हप्ते थांबवण्याची सवलत आली, तेव्हा स्टेट बँकेने स्वतःच उदाहरण देऊन सांगितलं होतं की तीस लाखांचं, पंधरा वर्षं बाकी असलेलं कर्ज तीन महिने थांबवलं तर जादा व्याज सुमारे २ लाख ३४ हजार, म्हणजे आठ हप्ते. लोकांनी बातमीतला 'सवलत' एवढाच शब्द वाचला.

मे २०२२ पासून पुन्हा चढण: रेपो ४ वरून फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा. पुन्हा हप्ता तोच, मुदत लांब. आणि मग १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलं की दर बदलताना कर्जदाराला विचारा, हप्ता वाढवायचा की मुदत, त्याला कळवा, आणि मुदत वाढवताना हप्त्यात व्याजही भागत नाही असं होऊ देऊ नका. मी ते परिपत्रक वाचलं तेव्हा तो गार्ड आठवला. त्याच्या शून्याला पंधरा वर्षं झाली होती, आणि त्याने घर विकून मुलीकडे राहायला जाऊनही बरीच वर्षं झाली होती.

ज्या करवजावटीच्या जोरावर ही कर्जं गळ्यात घातली, ती २०१४ मध्ये दोन लाख झाली खरी. पण २०२३-२४ पासून नवी करप्रणाली हीच मूळ झाली, आणि तिच्यात स्वतः राहता त्या घराच्या व्याजाला वजावट नाही. कमी पगारवाल्याला तसाही आता कर नाही, हे मान्य. पण मग वीस वर्षं ते गाजर कशासाठी हलवलं?

२०२५ मध्ये रेपो चार वेळा उतरला. ५ डिसेंबरला सव्वापाचवर आला. पेपरात पुन्हा 'घर घेण्याची हीच वेळ'. निवृत्त झालेल्या त्याच गृहस्थांचा मुलगा रायपूरकडे फ्लॅट बघतोय. पंचवीस लाख, साडेसात टक्के, तीस वर्षं. मी म्हटलं, वीस वर्षांचं घे. हप्ता २०,१४० बसेल, तीसचा १७,४८०. फरक महिन्याला २,६६०. आणि तेवढ्यासाठी एकूण फेड ४८ लाखांऐवजी ६३ लाख.

"काका, आता किश्त बसून राहिली ना, मग झालं. पुढचं पुढे."

बापाच्या कर्जाचं काय झालं हे त्याला माहीत नाही असं नाही; सेटलमेंटचा चेक त्यानेच बँकेत नेऊन दिला. ऑक्टोबर २०२४ पासून कर्जाबरोबर 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणं बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून वार्षिक दर किती आणि प्रत्येक हप्त्यात व्याज किती, मुद्दल किती, सगळं त्यात असतं. त्याने ते मोबाइलवर उघडून दाखवलं. पीडीएफ, इंग्रजीत. तक्त्यापर्यंत पोचायला बरंच सरकवावं लागलं, आणि तिथे तीनशे साठ ओळींतली पहिली होती: व्याज १५,६२५, मुद्दल १,८५५. मी बोट ठेवून दाखवलं. त्याने मान डोलावली, "हो काका, बघितलं," म्हणाला, आणि को-अ‍ॅप्लिकंट म्हणून आईची सही चालेल का, ते विचारायला लागला.