भरपाईचा दावा लावायचा कुठे?

समजा, हिंगोलीकडचा चाळीस वर्षांचा मजूर चाकणला शेडच्या पत्र्यावरून पडून दगावला. ठेकेदार पुण्याचा, कंपनीचे नोंदणीकृत कार्यालय मुंबईत, बायकामुले गावी. कंपनी म्हणते, तो आमचा माणूसच नव्हता. ठेकेदार फोन उचलत नाही. गावातले जाणते सांगतात, 'कोर्टात जा.' पण कोणत्या? दार चुकले तर मूळ मुद्दा निघण्याआधीच वर्षे जातात, म्हणून हा प्रश्न आधी सोडवावा.

दिवाणी दावा हा त्याचा मार्ग नव्हे. 1923च्या कर्मचारी नुकसानभरपाई कायद्याने हे वाद आयुक्ताकडे सोपवले. जखमी माणूस कायद्याच्या व्याख्येत बसतो का, मालकावर जबाबदारी येते का, रक्कम किती, हे सगळे तोच ठरवतो आणि त्यात दिवाणी न्यायालयाला हात घालता येत नाही. आयुक्त म्हटल्यावर सरकारी कचेरी डोळ्यांपुढे येते. महाराष्ट्रात मात्र हे काम कामगार न्यायालयाचे न्यायाधीश, तर काही ठिकाणी वरिष्ठ स्तराचे दिवाणी न्यायाधीश पाहतात. ठेकेदाराकडे बोट दाखवून कंपनीला सुटताही येत नाही. काम तिच्या धंद्याचा भाग असेल आणि तिच्या जागेवर चालले असेल, तर दावा थेट तिच्यावर लावता येतो. तिने नंतर ठेकेदाराकडून वसूल करावे.

आता ठिकाण. पूर्वी जिथे अपघात, तिथेच अर्ज करावा लागे. म्हणजे चाकणच्या अपघातासाठी हिंगोलीच्या विधवेने प्रत्येक तारखेला पुण्याची गाडी धरायची. 1995च्या दुरुस्तीने तीन पर्याय दिले: अपघाताची जागा, दावेदार नेहमी राहतो ती जागा किंवा मालकाचे नोंदणीकृत कार्यालय. निवड दावेदाराची. माझ्या मते या कायद्यातले हे सर्वांत माणुसकीचे कलम आहे. तरीही 'या कोर्टाला अधिकार नाही' हा आक्षेप समोरून येतो, म्हणून रेशनकार्ड, मतदार यादी, शाळेचे दाखले असे राहण्याचे पुरावे अर्जासोबतच जोडावेत.

या दाराशी जाण्याआधी दोन गोष्टी तपासायच्या. पहिली, राज्य कामगार विमा, म्हणजे ईएसआय. मजूर त्या योजनेत येत असेल तर मालकाकडून वेगळी भरपाई मागता येत नाही. वारसांना महामंडळाकडून दरमहा लाभ मिळतो. मालकाने वर्गणी बुडवली म्हणून कामगाराचे विमासंरक्षण जात नाही, कारण ती देय असणे पुरेसे ठरते. लाभावरून वाद झाला तर तो कर्मचारी विमा न्यायालयात जातो, आणि तिथे ठिकाणाचा नियम वेगळा: माणूस ज्या भागात कामाला होता तिथलेच न्यायालय. घराजवळची सोय इथे नाही. विधवेच्या दृष्टीने हा फरक मला अन्यायाचा वाटतो, पण कायदा तसाच आहे.

दुसरी, अपघात वाहनाचा आहे का? ड्यूटीवरचा ड्रायव्हर गेला तर आयुक्त किंवा मोटार अपघात दावा न्यायाधिकरण, दोहोंपैकी एकच निवडावे लागते. आयुक्तापुढे कोणाची चूक हे सिद्ध करावे लागत नाही, पण रक्कम कोष्टकाने बांधलेली. 2020पासून हिशेबात महिन्याचे वेतन जास्तीत जास्त 15,000 रुपये धरले जाते. आपला मजूर या दारात बसत असेल, तर चाळिशीला गुणक 184.17, निम्मे वेतन 7,500 गुणिले तो, म्हणजे 13,81,275 रुपये. न्यायाधिकरणात साधारणपणे समोरच्याचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, मात्र खऱ्या कमाईवर जास्त रक्कम मिळू शकते. हा हिशेब अर्जाआधी मांडायचा, नंतर नव्हे.

मृत्यूच्या प्रकरणात मालकाने वारसांच्या हातात पैसे ठेवून बाँडपेपरवर अंगठा घेतला, तरी ती कायद्याने भरपाई होत नाही. रक्कम आयुक्ताकडेच जमा करावी लागते. अपघातानंतर महिनाभरात ती दिली नाही तर बारा टक्के व्याज चढते, आणि विनाकारण टाळाटाळ केली तर निम्म्यापर्यंत दंडही.

निकाल पटला नाही तर अपील उच्च न्यायालयात, तेही कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच. मालकाला आधी रक्कम भरावी लागते. तरीही वेळ जातोच. साखर कारखान्याचा एक पहारेकरी 2003 साली पहाटेच्या पाळीला मोटारसायकलवरून जाताना, कारखाना पाचेक किलोमीटरवर असताना गेला. उस्मानाबादच्या आयुक्ताने भरपाई दिली, मुंबई उच्च न्यायालयाने ती काढून घेतली, आणि जुलै 2025मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परत दिली. घर ते काम हा प्रवास, वेळ आणि जागा यांचा नोकरीशी संबंध दिसला तर, कामाचाच भाग धरला गेला.

21 नोव्हेंबर 2025पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आहे. तिच्यात आयुक्ताच्या जागी 'सक्षम प्राधिकारी' आला, कामावर जातायेतानाचा अपघातही आला. म्हणून वकिलाला पहिल्याच भेटीत अपघाताची नेमकी तारीख सांगा. 1923च्या कायद्याखालच्या दाव्याची मुदत दोन वर्षांची आहे. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण त्यावर विसंबू नका.