लिलावाची नोटीस आणि ‘सोडवून घेण्याची’ मुदत

बँकेने घर लिलावात काढले, तरी विक्रीपत्र होईपर्यंत पैसे भरून ते परत मिळते, असा समज सर्रास आढळतो. तो निराधार नाही. पूर्वी कायदा बराचसा तसाच होता. गहाण मालमत्ता कर्ज फेडून परत घेण्याच्या या अधिकाराला विमोचनाचा हक्क (गहाण सोडवण्याचा हक्क) म्हणतात.

सरफेसी कायद्याच्या (थकीत कर्जाची तारण विकून वसुली करण्याचा २००२ चा कायदा) कलम १३(८) मध्ये २०१६ साली बदल झाला. आता हा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होताच संपतो. रेल्वेचा चार्ट लागला की गाडी सुटायची असली तरी ऑनलाइन काढलेले पक्के तिकीट रद्द करता येत नाही, तसेच हे.

‘सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स’ या वादात हाच मुद्दा होता. लिलावात १०५.०५ कोटींची बोली लागली, पुढे कर्जदाराने १२९ कोटी देऊ केले आणि मुंबई उच्च न्यायालयाने ते मान्यही केले. रक्कम मोठी म्हणून कर्जदाराची बाजू न्याय्य वाटते खरी. पण मग लिलावात बोली लावणार कोण? सर्वोच्च न्यायालयाने २१ सप्टेंबर २०२३ रोजी निकाल बोली जिंकणाऱ्याच्या बाजूने दिला.