१४ एप्रिलला अग्निशमन केंद्रात मानवंदना कुणाला?

दरवर्षी १४ एप्रिलला गावोगावी आंबेडकर जयंतीची गडबड असते. त्याच सकाळी अग्निशमन केंद्रात जवान रांगेत उभे राहून मानवंदना देतात. पणजी असो, बेळगाव असो की इंदूर, १४ ते २० एप्रिल हा अग्निशमन सेवा सप्ताह देशभर पाळला जातो. शाळेची मुलं बंब बघायला येतात, प्रात्यक्षिकं होतात. पण तारीख हीच का, हे फार थोड्यांना सांगता येतं.

उत्तर मुंबईत आहे. भायखळ्याला अग्निशमन दलाच्या मुख्यालयात, सेवेत असताना प्राण गेलेल्या जवानांचं स्मारक आहे. एकाच दिवसात सर्वाधिक जवान गेले ते १४ एप्रिल १९४४ ला. तब्बल ६६.

महायुद्ध चालू होतं. व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकीन' नावाचं जहाज उभं होतं. पोटात सुमारे १,४०० टन दारूगोळा आणि त्याच्याच जोडीला कराचीत चढवलेल्या कापसाच्या हजारो गाठी! असला माल एरवी गोदीत आणूच देत नसत, बाहेर समुद्रातच उतरवत. युद्धाच्या घाईत तो नियम सैल झाला होता.

दुपारी दोनच्या सुमारास धूर दिसला. कापसाची गाठ भडकत नाही, आतून धुमसत राहते. वरून कितीही पाणी मारा, धग आत तशीच. जवानांनी ९०० टनांहून जास्त पाणी ओतलं, तरी धुरामुळे आगीचं मूळ सापडेना. जहाजात पाणी अक्षरशः उकळत होतं. ३ वाजून ५० मिनिटांनी जहाज सोडायचा हुकूम निघाला. सोळाच मिनिटांत पहिला स्फोट झाला आणि अर्ध्या तासाच्या आत दुसरा. शिमल्याच्या भूकंपमापकावर त्याची नोंद झाली. एकूण मृतांचा आकडा ८०० ते १,३०० असा वेगवेगळा सांगतात.

या जहाजावर सोन्याच्या विटाही होत्या, त्या उडून लांबवर पडल्या. ही गोष्ट मात्र सगळ्यांना पाठ असते! सोनं लक्षात राहिलं, पाण्याचे पाईप धरून उभी असलेली माणसं राहिली नाहीत. त्यात सरकारने मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत वार्ताहरांना बातमी पाठवू दिली नाही. 

स्मारकाची गोष्ट १९४४ वर थांबत नाही. ९ मे २०१५ ला काळबादेवीत गोकुळ निवास ही जुनी इमारत पेटली आणि कोसळली. दोन अधिकारी तिथेच गेले, दोघे नंतर रुग्णालयात. त्यांत खुद्द दलाचे प्रमुख सुनील नेसरीकर होते. एवढा मोठा साहेब आगीच्या तोंडाशी कशाला, असं आपल्याला वाटतं. पण या खात्यात अधिकाऱ्यानेही पुढेच उभं राहायचं असतं.

आत काय आहे, इमारत किती टिकेल, हे बाहेरून कळत नाही. म्हणून १०१ ला फोन कराल तेव्हा नुसता पत्ता सांगून ठेवून देऊ नका. आत सिलिंडर आहेत का, रंग, थिनर, फटाके, कापूस साठवलाय का, माणसं अडकलीत का आणि कुठल्या मजल्यावर, तेही सांगा. बंब निघण्याआधी जवानांना एवढं कळलं, तर कुठून शिरायचं आणि काय घेऊन शिरायचं हे वाटेतच ठरवता येतं.