माशाचं औषध आणि पाण्याचं माप (लेखांक सातवा)

मागच्या लेखांकात माशांच्या आजाराची लक्षणं पाहिली; आता औषधाकडे वळू. घरच्या टाकीतल्या माशांना बहुतेक औषधं पाण्यात मिसळूनच देतात. म्हणून पाणी कोणतं आणि किती, हे ठाऊक नसेल तर बाटलीवर छापलेल्या मात्रेवर विसंबता येत नाही. धाराशिवात हे अधिकच खरं, कारण इथे एका घरी उजनीचं नळाचं पाणी, दुसऱ्या घरी बोअरचं आणि उन्हाळ्यात तिसऱ्याकडे टँकरचं. काळ्या पाषाणातून उपसलेल्या पाण्यात कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार बरेच असतात. ऑक्सिटेट्रासायक्लिन या क्षारांशी बांधलं जातं आणि माशापर्यंत फार कमी पोचतं. माणसाची कॅप्सूल फोडून टाकीत टाकणाऱ्यांना गुण येत नाही, त्याचं हेही एक कारण. तांब्याच्या औषधाची गत उलटी: जड पाण्यात मासा जी मात्रा सोसतो, तीच जारच्या आरओ पाण्यात त्याचा जीव घेऊ शकते. टँकरच्या पाण्यात टीसीएल पावडर असते. त्यातला क्लोरिन आधीच दुखावलेले कल्ले पोळतो. असं पाणी उघड्या बादलीत दिवसभर ठेवून मगच वापरावं.

मापाचंही तसंच. ६० × ३० × ३० सेंटीमीटरची टाकी ५४ लिटरची म्हणून विकली जाते. पण पाणी २५ सेंटीमीटरपर्यंतच भरलं आणि तळाची वाळू वजा केली, तर हाती जेमतेम ४० लिटर उरतं. ५४ लिटरचा हिशेब धरला की मात्रा सुमारे ३५ टक्क्यांनी वाढते. म्हणून आजारी माशाला दहा लिटरच्या टबात, निम्मं त्याच्याच टाकीतलं पाणी घेऊन, वेगळं ठेवावं, असं माझं ठाम मत आहे. हलवल्याने मासा घाबरतो, हा आक्षेप रास्त आहे. जाळीने अंगावरचा चिकट थर खरवडला जातो. त्याऐवजी मग बुडवून पाण्यासकट उचलला तर त्रास बराच कमी होतो. टाकीतच औषध घातलं तर मिथिलीन ब्लूसारख्या औषधाने फिल्टरमधले उपयोगी जिवाणू मरतात, अमोनिया साचतो, आणि आम्लारी, तापलेल्या पाण्यात तो अधिक विषारी ठरतो. मग टंचाईच्या दिवसांत अर्धी टाकी उपसायची वेळ येते.

पांढऱ्या ठिपक्यांचा रोग मात्र याला अपवाद. ठिपक्यातला परजीवी कातडीखाली असेपर्यंत औषधाला दाद देत नाही. तो गळून तळाशी बसतो, त्याची शेकडो पिल्लं होतात आणि ती पोहत नवा मासा शोधतात, तेव्हाच औषध लागू पडतं. म्हणून इथे सगळ्या टाकीलाच, बाटलीवरच्या अंतराने पुन्हा पुन्हा मात्रा द्यावी लागते. ठिपके गेले म्हणून लगेच थांबू नये. फिल्टरमधला कोळसा आधी काढावा, नाहीतर तोच औषध शोषून घेतो. मात्रा मगभर पाण्यात कालवून सकाळी हळूहळू सोडावी, म्हणजे दिवसभर माशावर नजर राहते. २० अंशांना लिटरमागे सुमारे ९ मिलिग्रॅम प्राणवायू मावतो, ३० अंशांना साडेसातच. त्यात फॉर्मालिन तो आणखी घटवतं. हवेचा पंप सुरू हवाच, आणि वीज जाणार असेल त्या दिवशी फॉर्मालिन देऊच नये. मीठ कुठे पुरतं आणि कुठे नाही, ते पुढच्या लेखांकात.