पेढीची जोखीम : तिचा आकडा किती?

डॉलर महागला की निर्यातदाराला लाभ आणि आयातदाराला तोटा, एवढ्यावर बहुतेक पेढ्यांचा विचार थांबतो. परंतु आपल्या पेढीला किती रुपयांचा, असे विचारले की उत्तर मिळत नाही. बँकेत कर्जप्रकरणे तपासताना ताळेबंद, मालसाठ्याची विवरणे, येणे-देण्याच्या याद्या व्यवस्थित हाती येत. हा एक आकडा मात्र क्वचितच येई.

उदाहरणादाखल रंग-रसायनांची एक पेढी घेऊ. परदेशी पुरवठादारांचे देणे १० लाख डॉलर, निर्यातीचे येणे ६ लाख डॉलर. निव्वळ देणे ४ लाख डॉलर. म्हणजे डॉलर १ रुपयाने चढला की ४ लाख रुपयांचा भार. हिशेब सोपा दिसतो, पण त्यात तारखा नाहीत. देणे दोन महिन्यांनी आणि येणे पाच महिन्यांनी असेल, तर देण्याच्या दिवशी पूर्ण १० लाख डॉलर त्या दिवसाच्या भावाने विकत घ्यावे लागतील. येणाऱ्या ६ लाखांना कोणता भाव मिळेल, हे तीन महिन्यांनंतर कळणार. म्हणून येणे-देणे महिनावार मांडल्याशिवाय वजाबाकी करू नये.

रुपयांत बिल आले म्हणजे चलनाची जोखीम नाही, हाही एक समज आहे. तांबे, प्लास्टिकचे दाणे, खाद्यतेल, सोने यांचा देशातील भाव डॉलरच्या मागोमाग चालतो. विक्रीचा भाव आधीच ठरवून दिला असेल आणि खरेदी व्हायची असेल, तर तीही जोखीमच होय.

आता भाव किती हलेल असे धरायचे? मे २०१३ च्या आरंभी सुमारे ५४ रुपयांचा डॉलर २८ ऑगस्टला ६८ रुपयांच्या पुढे गेला होता. १४ रुपयांची ती चढ आपल्या पेढीच्या ४ लाख डॉलरना लावली तर ५६ लाख रुपये होतात. व्याज व घसाऱ्यापूर्वीचा वार्षिक नफा १ कोटी असेल, तर निम्म्याहून अधिक गेला. उलाढालीशी नव्हे, नफ्याशी तुलना करावी. रिझर्व्ह बँकेने जानेवारी २०१४ मध्ये बँकांना दिलेली पद्धतही याच धर्तीची होती : गेल्या दहा वर्षांतील सर्वाधिक वार्षिक चढउतार धरून संभाव्य तोटा काढावा आणि तो अशा नफ्याच्या किती टक्के होतो, ते पाहावे.

व्याजाचे गणित त्या मानाने सरळ आहे. ऑक्टोबर २०१९ पासून सूक्ष्म व लघु उद्योगांची बदलत्या दराची नवी कर्जे बाह्य मानकाशी, बहुधा रेपो दराशी, जोडली गेली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. कॅश क्रेडिटची सरासरी उचल ५ कोटी असेल, तर वर्षाला साडेबारा लाख अधिक. येथे मंजूर मर्यादा नव्हे, प्रत्यक्ष उचल धरावी.

मात्र या दोन जोखमी वेगवेगळ्या कागदांवर ठेवू नयेत. डॉलर चढला की तोच माल अधिक रुपयांत येतो आणि कॅश क्रेडिटची उचल आपोआप वाढते. शिवाय रुपया सावरण्यासाठी व्याजदरही चढवले जातात. १५ जुलै २०१३ रोजी रिझर्व्ह बँकेने बँकांना तातडीने कर्ज देण्याचा आपला दर एकदम २ टक्क्यांनी वाढवून १०.२५ टक्के केला, तो याच कारणाने. तेव्हा ५६ लाख आणि साडेबारा लाख एकाच वर्षी येऊ शकतात, असे धरूनच बेरीज करावी. फॉरवर्ड करार किती डॉलरचा आणि कोणत्या महिन्याचा घ्यावा, हे त्या बेरजेनंतर बँकेशी बोलता येते.